आग्रा रोड ते कुंडी भंडारा: खान्देशातल्या गावांची सरकती तोंडं

खान्देशातलं कुठलंही जुनं गाव बघायला गेलं की आधी एक गोष्ट शोधावी: गावाचं तोंड कुठे आहे? नदीकडे, हमरस्त्याकडे, स्टेशनाकडे की बायपासकडे? इथल्या गावांनी दोनशे वर्षांत दोन-तीनदा तोंड फिरवलं. जिकडे पाठ झाली तिकडे जुनं गावठाण उरलं. हा प्रवास धुळ्यातून निघून पारोळा, अमळनेर, जळगाव, भुसावळ करत बुऱ्हाणपूरला संपतो. बुऱ्हाणपूर आज मध्य प्रदेशात आहे, पण फारुकी सुलतानांच्या खान्देशची राजधानी तीच, आणि तिला वगळून खान्देशचा शहरी इतिहास सांगताच येत नाही.

हंगाम दिवाळीनंतर माघापर्यंतचा धरावा. चैत्र-वैशाखात दुपारी गल्लीत उभं राहणं शक्य नसतं. सोबत पाच मीटरची टेप, टॉर्च, एखादा मोठा खिळा आणि पाण्याची बाटली ठेवावी. खिळा कशाला, ते पुढे येईल.

पहिला दिवस: धुळे

सकाळी साडेसहाला आग्रा रोडवर उभं राहावं. दुकानांची शटर उघडायच्या आत, हातगाड्या लागायच्या आत रस्त्याची सरळ रेष दिसते. दहानंतर ती दिसत नाही. आग्रा रोड आणि त्याला समांतर जाणाऱ्या क्रमांकाच्या गल्ल्या, मध्ये काटकोनात तोडणाऱ्या आडव्या गल्ल्या, अशी चौकटीची आखणी आहे. इथे पत्ता सांगताना गल्लीचं नाव नाही, नंबर सांगतात: गल्ली नंबर चार, गल्ली नंबर पाच.

ही आखणी सर विश्वेश्वरय्यांची, असं धुळ्यात कोणीही छातीठोक सांगतो. विश्वेश्वरय्यांचा जन्म 1861चा. ते 1884 नंतर सार्वजनिक बांधकाम खात्यात इथे होते आणि पांझरा नदीच्या परिसरात त्यांनी पाटाच्या पाण्याचं काम केलं, हे खरं. पण नवं धुळं त्याआधीच वसलं होतं. 1818मध्ये पेशवाई बुडाल्यावर कॅप्टन जॉन ब्रिग्ज खान्देशचा पोलिटिकल एजंट झाला. मुंबई-आग्रा रस्त्यावरचं मोक्याचं ठिकाण म्हणून 1819च्या जानेवारीत त्याने धुळं निवडलं. तेव्हा गावात 401 घरं आणि 2,509 माणसं होती, आणि गाव नदी आणि पाट यांच्या मध्ये अडकलेलं होतं. त्याआधी 1803च्या दुष्काळात ते ओस पडलं होतं. पेशव्यांचे सरदार विंचूरकर यांच्या पदरच्या बाळाजी बळवंताने दुसऱ्या वर्षी ते पुन्हा वसवलं.

ब्रिग्जने बांधकामासाठी लांबून कारागीर आणवले, व्यापाऱ्यांना घरांसाठी कायम बिनभाड्याच्या जागा दिल्या, पक्की घरं बांधायला उचल दिली. आजच्या भाषेत ही टाउनशिप स्कीमच. फरक एवढा की जागा फुकट होती आणि अट पक्क्या बांधकामाची होती. त्यामुळेच या गल्ल्यांतली जुनी घरं एका धाटणीची दिसतात: अरुंद दर्शनी भाग, मागे लांबच लांब खोली, खाली दुकान किंवा ओसरी, वर लाकडी सज्जा.

आता टेप काढायची. घराच्या जोत्याला किती पायऱ्या उरल्यात ते मोजायचं. जुन्या घरांची जोती रस्त्यापासून दोन-अडीच फूट उंच ठेवायची पद्धत होती. आज अनेक ठिकाणी एकच पायरी दिसते, काही घरांत तर रस्त्यावरून खाली उतरावं लागतं. घर खचलेलं नसतं, रस्ता वर आलेला असतो. दर काही वर्षांनी जुना थर न खरवडता वर नवा डांबराचा नाहीतर काँक्रीटचा थर पडतो. एका खेपेला तीन-चार इंच धरले तरी सहा-सात खेपांत दोन फूट होतात.

याचा फटका नेमका कुठे बसतो, ते लाकडी खांबाच्या पायाशी वाकून पाहिलं की कळतं. वाड्याचा खांब जमिनीत गाडलेला नसतो, तो तळखड्यावर उभा असतो. म्हणजे खाली घडीव दगड, वर सागवान. ही योजना लाकडाला ओल लागू नये म्हणूनच. रस्ता वर आला की ओसरीत पाणी शिरतं, मग घरमालक ओसरीत भर टाकून फरशी बसवतो. तळखडा फरशीखाली जातो आणि खांबाचा शेवटचा वीतभर भाग ओल्या सिमेंटात. वरून खांब ठणठणीत दिसतो. खिळा घेऊन फरशीलगत दाबला की अर्धा-पाऊण इंच सहज आत जातो. वरच्या भागात तोच खिळा टोकाएवढाही शिरत नाही.

दुरुस्ती अवघड नाही, मात्र क्रम चुकला तर घर अंगावर येतं. आधी वरच्या तुळईला दोन्ही बाजूंनी टेकू द्यायचे, खाली फळी आणि पाचर मारून भार खांबावरून टेकूंवर घ्यायचा. खांब मोकळा झाला की कुजलेला भाग पार करून चांगलं लाकूड लागेपर्यंत कापायचा. उंची भरून काढायला तळखड्याखाली दुसरा दगड द्यायचा. एक-दीड फुटापर्यंतची कापणी असेल तर बहुधा तेवढ्यावर भागतं. जास्त असेल तर जुन्या सागाचाच तुकडा तिरक्या जोडाने बसवायचा. जोडाची लांबी खांबाच्या जाडीच्या अडीच-तीन पट, आणि आत लाकडी खुंट्या. सुतार बरेचदा लोखंडी पट्टी आणि बोल्ट सुचवतो, कारण ते लवकर होतं. पट्टी गंजते, गंज फुगतो आणि लाकूड चिरतो. टेकू काढताना एकेक पाचर थोडी थोडी सैल करत उतरायचं, एकदम नाही. फरशी परत बसवताना खांबाभोवती चार इंच जागा मोकळी सोडून खडी भरायची, सिमेंट खांबाला लागू द्यायचं नाही.

दुपारी राजवाडे संशोधन मंडळ. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे 31 डिसेंबर 1926 रोजी धुळ्यातच वारले. त्यांचं दप्तर सांभाळायला ही संस्था उभी राहिली. शहराचा जुना कागद बघायचा तर इथे आणि नगर भूमापन कार्यालयात. मिळकत पत्रिकेवर घराचं क्षेत्र, सत्ताप्रकार आणि फेरफार दिसतात. एका घरावर बारा-पंधरा वारसांची नावं असणं नेहमीचंच. दुरुस्ती का होत नाही याचं निम्मं उत्तर त्या कागदावर असतं, उरलेलं निम्मं जुन्या भाडेकराराच्या आकड्यात.

संध्याकाळी मोठ्या पुलावरून देवपूरला. 1872च्या पुराने धुळ्यात मोठी पडझड केली होती, तरी वस्ती नदीपलीकडे वाढतच गेली. आता दोन्ही काठांनी रस्ते झाले आहेत. रहदारीला ते सोयीचे, पण नदीकडे उतरणारे जुने रस्ते त्यांनी आडवे कापले. जुनं धुळं, मोगलाई, नवं धुळं, देवपूर आणि मग वलवाडीकडच्या कॉलन्या, असा क्रम लावला तर प्रत्येक टप्प्यात घर रस्त्यापासून थोडं मागे सरकलेलं दिसतं: ओसरी रस्त्याला लागून, मग ओटा, मग कंपाउंडची भिंत, आता पार्किंग.

स्टेशन बघायचं असेल तर पाहून घ्यावं. चाळीसगावहून येणारा फाटा 1900 साली आला, म्हणजे शहर वसून ऐंशी वर्षं झाल्यावर. म्हणून स्टेशनाने धुळ्याला ओढलं नाही. 2024मध्ये मंजूर झालेला मनमाड-इंदूर मार्ग धुळ्यातून जातो. तो झाला की हे गणित बदलेल.

दुसरा दिवस: पारोळा, अमळनेर

धुळे ते पारोळा 35 किलोमीटरच्या आसपास, सुरत-नागपूर हमरस्त्याने. एसटी भरपूर. हमरस्त्यावर उतरलं की किल्ला दिसत नाही; बाजारातून चालत आत जावं लागतं आणि मग अचानक खंदक लागतो.

हा भुईकोट 1727चा, जहागीरदार हरी सदाशिव दामोदर यांचा. झाशीच्या नेवाळकरांचं हेच घराणं. पन्नास घरांच्या खेड्याचं त्यांनी तटबंदीचं शहर केलं. 1857च्या उठावानंतर इंग्रजांनी जहागीर जप्त केली आणि किल्ला पाडून निकामी केला. त्यामुळे आज दिसतं त्यात काळाची पडझड किती आणि मुद्दाम पाडलेलं किती, हे वेगळं ओळखायला शिकावं. मुद्दाम पाडलेली भिंत वरून खाली सरळ तुटलेली असते आणि पडलेला ढीग बाहेरच्या अंगाला असतो. पाण्याने गेलेली भिंत पोटातून फुगते, बाहेरचा दगडी पदर सुटतो आणि आतली माती-भराव तसाच उभा राहतो.

बुरुजांवरचे पिंपळ हा कुठल्याही भुईकोटाचा कायमचा रोग. उत्साही मंडळी श्रमदानात ते उपटतात. उपटू नयेत. मूळ चुन्याच्या सांध्यातून आत चार-सहा फूट गेलेलं असतं, ओढलं की दगड घेऊनच बाहेर येतं. खोड भिंतीलगत कापायचं, उरलेल्या थोटकाला गिरमिटाने भोकं पाडून त्यात तणनाशक भरायचं आणि तोंड मातीने बंद करायचं. मूळ आत मेलं, सुकलं की सांध्यात चुन्याचा मसाला ठासायचा. संरक्षित वास्तूवर हेसुद्धा पुरातत्त्व खात्याच्या परवानगीशिवाय करता येत नाही.

खंदकाची अडचण वेगळी. बाजारपेठेचं सांडपाणी सोडायला खंदकाइतकी सोयीची जागा गावात दुसरी नसते. सांडपाण्यातले क्षार पायथ्याच्या दगडात चढतात आणि फूट-दीड फुटावर भिंतीला लोणा लागतो. त्या पांढऱ्या रेघेचा नजरेने माग काढत गेलं की गटार कुठे सोडलंय ते सापडतं. भिंत दुरुस्त करण्याआधी गटार वळवावं लागतं. उलट क्रमाने केलेला खर्च दोन पावसाळ्यांत वाहून जातो.

पारोळ्याहून अमळनेर वीसेक किलोमीटर. पारोळ्याला रेल्वे नाही, अमळनेरला आहे. दोन गावांतल्या फरकाचं एवढंच कारण. सुरतेहून येणारी ताप्ती व्हॅली रेल्वे 1900 साली इथे पोचली. मग प्रताप मिल आली, श्रीमंत प्रताप शेठ यांच्या पैशातून शाळा आली, 1916 साली तत्त्वज्ञान मंदिर आलं. साने गुरुजी प्रताप हायस्कुलात शिकवत. 1945मध्ये एम. एच. प्रेमजींनी तेलाचा कारखाना काढला, ती वेस्टर्न इंडिया व्हेजिटेबल प्रॉडक्ट्स म्हणजे पुढची विप्रो. एका तालुक्याच्या गावाला एवढं सगळं स्टेशनामुळे मिळालं.

गावाचं आधीचं तोंड मात्र बोरी नदीकडे आहे. सखाराम महाराजांचा वाडा आणि नदीपात्रातल्या समाध्या बघून स्टेशनाकडे चालत निघालं तर अर्ध्या-पाऊण तासात तीन काळ ओलांडले जातात: वाड्यांच्या गल्ल्या, मग गिरणीच्या काळातल्या शाळा आणि संस्था, मग प्लॉटिंग.

वाड्यांच्या गल्लीत मान वर करून छतं बघावीत. खान्देशातलं जुनं घर धाब्याचं. तुळयांवर फूट-फूटभर अंतराने कड्या म्हणजे आडवी बारीक लाकडं, कड्यांवर फळ्या, गरिबाच्या घरी फळ्यांऐवजी पऱ्हाट्या (कपाशीच्या वाळक्या काड्या) किंवा बांबू, त्यावर निंबाचा पाला, चिखलाचा थर आणि शेवटी पांढरी माती सहा ते नऊ इंच, ठोकून घट्ट केलेली, पन्हळीकडे किंचित उतार. निंब वाळवीसाठी. पांढरी माती चिकट आणि क्षारयुक्त. पहिल्या पावसात फुगते आणि स्वतःच्या भेगा बुजवते. मे महिन्यात अशा घरात बसलं की धाबं काय चीज आहे ते कळतं.

बिघडतं ते दोन कारणांनी. पहिलं, दर वर्षी मृगाच्या आधी वर नवी माती टाकतात पण जुनी काढत नाहीत. दहा फूट बाय दहा फूट खणावर एक फूट माती म्हणजे साडेचार ते पाच टन. तीस वर्षं इंच-अर्धा इंच चढत गेली तर तुळई वाकणारच. मग लोक म्हणतात, लाकूड जुनं झालं. लाकूड जुनं नाही, ओझं नवं आहे. दुसरं कारण, गळती थांबवायला वर सिमेंटचा कोबा. मातीचा थर उन्हाने फुगतो-आखडतो, कोबा ताठ राहतो, केसासारख्या भेगा पडतात. पाणी आत जातं आणि वरून वाफ होऊन बाहेर पडत नाही. खाली फळी कुजते, वरून काही दिसत नाही. कोबा टाकलेल्या धाब्याखाली उभं राहून फळीवर काठीने ठोकावं; बद्द आवाज आला की तिथे झोपायचं नाही.

पांढरी माती आणायची कुठून, हाही प्रश्न आहे. ती मिळते जुन्या पांढरीच्या टेकाडांतून, म्हणजे हजारो वर्षांच्या वस्तीच्या राखेतून. तापीकाठचं प्रकाशे असंच टेकाड. 1955 साली बी. के. थापर यांनी तिथे उत्खनन केलं, तेव्हा ताम्रपाषाण काळापर्यंतचे थर मिळाले. घर जपायला टेकाड पोखरायचं, हा सौदा मला पटत नाही. जुन्या पडक्या घराची धाब्याची माती चाळून पुन्हा वापरता येते. बांधकाम पाडणारे ती ट्रॉलीने फेकून देतात.

जेवायला कळण्याची भाकरी आणि भरीत मिळालं तर शेवभाजीच्या मागे लागू नये.

तिसरा दिवस: जळगाव

अमळनेरहून सकाळची गाडी. जळगावला स्टेशनावर उतरणं महत्त्वाचं, कारण हे गाव रेल्वेने मोठं केलं. ग्रेट इंडियन पेनिन्सुला म्हणजे जीआयपी रेल्वे 1860च्या दशकाच्या सुरुवातीला आली, नेमक्या त्याच वेळी अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे इंग्लंडच्या गिरण्यांना कापूस मिळेना, आणि खान्देशच्या कापसाला सोन्याचा भाव आला. स्टेशनाभोवती सरकी काढून गाठी बांधणारे जिनिंग-प्रेसिंग कारखाने, मग कापडगिरणी. 1906मध्ये खान्देश जिल्ह्याचे पूर्व आणि पश्चिम असे दोन तुकडे झाले; पूर्वेचं ठाणं जळगावला आलं.

गिरणीच्या जागेवर आता खान्देश सेंट्रल आहे. स्टेशनाला खेटून एवढी मोठी सलग जागा शहरात दुसरी नव्हती, त्यामुळे ती जाणार हे उघडच होतं. गिरणी जाताना काय जपायला हवं होतं, हा वेगळा प्रश्न. गिरणीच्या शेडच्या छपराला एका बाजूने उभी काच असते, ती उत्तरेकडे. ऊन आत येत नाही, उजेड येतो. बाजारासाठी, वाचनालयासाठी ही शेड आयती असते. एक-दोन शेड ठेवून बाकी जागा बांधता येते. पण जागेचा हिशोब चटईक्षेत्रात, म्हणजे सगळे मजले मिळून किती बांधता येईल यात होतो, आणि एकमजली शेडला त्या हिशोबात किंमत शून्य.

स्टेशनाकडून फुले मार्केट, गोलाणी मार्केट, महापालिकेची सतरा मजली इमारत. सतरा मजल्यांच्या इमारतीतून शहर चालवणारी महापालिका महाराष्ट्रात विरळाच. इथून जुनं जळगाव पायी पंधरा-वीस मिनिटांवर आहे. नवी पेठ, बळीराम पेठ, शनिपेठ, जोशीपेठ, विठ्ठलपेठ, रथ चौक.

रथ चौकात थांबावं. कार्तिकी एकादशीला श्रीरामाचा रथ निघतो, 1872पासून. एवढा जड लाकडी रथ, सुकाणू नाही, ब्रेक नाही. चाकाखाली मोगरी लावून तो थांबवतात आणि वळवतात. मोगरी म्हणजे लांब दांड्याची लाकडी पाचर. मोगरीवाला चाकाच्या पुढे उलटा चालत ती नेमक्या कोनात सरकवतो. डाव्या चाकाखाली लावली की ते क्षणभर अडतं, उजवं पुढे जातं आणि रथ डावीकडे वळतो. चुकली तर चाक ओट्यावर चढतं.

शहराच्या इतिहासाच्या दृष्टीने खरी गंमत पुढे आहे. रथाच्या वाटेवरच्या गल्ल्या बघा आणि शेजारच्या, रथ न जाणाऱ्या गल्ल्या बघा. रथाच्या वाटेवर ओटे पुढे सरकलेले कमी, गॅलऱ्या आखूड, आडव्या तारा उंच. दर वर्षी रथ येण्याआधी वीजवाले तारा सोडवतात, कोणाचा पत्रा पुढे आलेला असेल तर तो गल्लीतलेच लोक काढायला लावतात. नगररचनेची नोटीस जे करू शकत नाही ते रथ करतो. जुन्या गावाच्या रस्त्याची मूळ रुंदी मोजायची असेल तर इथेच टेप लावावी, बाकी ठिकाणी ती अतिक्रमणाची रुंदी निघते.

याच भागात बहिणाबाई चौधरींचं सासरचं घर आहे, आणि ते जपलं गेलं आहे. थोरामोठ्यांच्या नावामुळे एखादं मातीचं घर वाचतं. त्याच धाटणीची बिननावाची दहा घरं शेजारी पडतात, पण शहर समजायला ती दहाही लागतात.

दुपारनंतर पिंप्राळा. हे पूर्वी स्वतंत्र गाव, आता शहराच्या पोटात. त्याचा वेगळा रथ आषाढी एकादशीला निघतो. उपनगरात रथ असेल तर समजावं की इथे आधी गाव होतं. गावठाणाची हद्द आजही पायाला कळते: कॉलनीतला नऊ-बारा मीटरचा रस्ता एकदम तीन मीटर होतो आणि वाकडा होतो. गावठाणातलं घर आणि बाहेरचा बिनशेती प्लॉट यांना बांधकामाचे नियम वेगळे लागतात; जुन्या घरमालकाला सामासिक अंतर, म्हणजे घराभोवतीची मोकळी जागा सोडून पुन्हा बांधायचं म्हटलं तर हातात खोलीभर जागा उरते. म्हणून तो पाडतही नाही आणि दुरुस्तही करत नाही, पत्रे टाकून ठेवतो. मेहरूणचंही असंच, फक्त तिथे तलाव आहे आणि त्यामुळे जमिनीला भाव जास्त.

जळगावला स्वतःची नदी नाही, हे विसरू नये. आधी गिरणेचं पाणी, आता वाघूर धरणाचं. नदीकाठचं गाव पाण्याला धरून वाढतं. जळगाव आधी रुळाला, मग हमरस्त्याला धरून वाढलं, आणि आता पाळधी-तरसोद बायपासकडे बघू लागलं आहे. बायपासलगतच्या शेतांत प्लॉटचे खांब दिसतात. त्या खांबांच्या रांगा पुढची शहराची हद्द सांगतात, विकास आराखड्यापेक्षा आधी.

चौथा दिवस: भुसावळ

जळगावहून 25 किलोमीटर. इथे फार वेळ लागत नाही. रेल्वेआधी भुसावळ म्हणजे खेडं होतं. खांडव्याकडचा मार्ग 1866मध्ये आणि नागपूरकडचा 1867मध्ये सुरू झाला, आणि दोन वाटा फुटतात तिथे इंजिनं, कोळसा, पाणी आणि माणसं ठेवावी लागली, त्याचं शहर झालं. लिंपस क्लब, पंधरा बंगला ही नावं अजून पत्त्यात चालतात.

रेल्वे वसाहतीत दोन गोष्टी बघाव्यात. एक, रस्ते रुंद आणि झाडं मोठी, पण बाजार नाही. बाजार वसाहतीच्या हद्दीबाहेर गच्च भरलेला. दुसरं, मालक एकच असल्यामुळे इथे वारसांचा घोळ नाही. जपायचं ठरवलं तर एका सहीने जपता येतं, पाडायचं ठरवलं तरी एकाच सहीने. उंच छताच्या, कौलारू जुन्या क्वार्टर्स दुरुस्तीला महाग पडतात असा शेरा लागला की संपलं. कौलं उतरवून पत्रा घातला की आतलं तापमान चढतं, राहणारा तक्रार करतो आणि तक्रारीच्या आधारावर इमारत निकामी ठरते. हे चक्र सगळीकडे असंच फिरतं. फलाटावर, शेडजवळ फोटो काढायचे तर आधी परवानगी घ्यावी, नाहीतर आरपीएफ कॅमेरा बघायला मागतं.

पाचवा दिवस: बुऱ्हाणपूर

खांडव्याकडे जाणारी कुठलीही गाडी, तासाभरात बुऱ्हाणपूर. स्टेशन लालबागला आहे, तटबंदीच्या शहरापासून काही किलोमीटर लांब. रेल्वे आली पण शहराला लागून आली नाही, त्यामुळे भिंतीच्या आतलं शहर जळगावसारखं स्टेशनाकडे वाहून गेलं नाही. रिक्षावाल्याशी मराठीत बोललं तरी चालतं.

आधी जामा मशीद. फारुकी सुलतान राजा अली खानाच्या काळात, 1590च्या सुमारास पुरी झाली. काळा दगड, पंधरा कमानी, घुमट नाही. आत अरबी लेखाबरोबर संस्कृत शिलालेख आहे, संवतासह. तो बघायला विचारून, नमाजाची वेळ टाळून जावं. मग तापीकाठचा शाही किल्ला. तिथल्या हमामाच्या म्हणजे स्नानगृहाच्या छतावरची रंगीत नक्षी टॉर्चचा झोत तिरका टाकून बघावी, सरळ टाकला तर फिकी दिसते. 1631 साली मुमताज महल इथेच वारली. केंद्र संरक्षित वास्तूपासून 100 मीटर नवं बांधकाम बंद आणि पुढच्या 200 मीटरला परवानगी, हा नियम इथे दाट वस्तीत कसा पाळला जातो ते गच्चीवरून दिसतं. या शहरातूनच बाजारपेठा आणि कारागिरी खाली खान्देशात पसरली. आज भिंतीच्या आत यंत्रमागांचा खडखडाट आहे. यंत्रमागाचा हादरा जुन्या विटेच्या भिंतीला मानवत नाही. मागाखाली रबराचा जाड पट्टा आणि स्वतंत्र काँक्रीटचा चौथरा असेल तर बराच कमी होतो.

उरलेला दिवस कुंडी भंडाऱ्याला, म्हणजे शहराला पाणी पुरवणाऱ्या जुन्या भुयारी व्यवस्थेला द्यावा. स्थानिक बोलीत खुनी भंडारा. 1615 साली अब्दुल रहीम खानखाना मोगलांचा सुभेदार असताना हे काम झालं. परंपरा तबकुतुल अर्ज या इराणी जाणकाराचं नाव सांगते. तापी शेजारून वाहते, पण शहर उंचावर आणि शत्रूने नदीचं पाणी नासवायची भीती. उपाय असा: सातपुड्याच्या पायथ्याशी भूजल वरच्या पातळीला आहे. तिथून शहराकडे जमिनीखालून एक बोगदा खणायचा, उतार इतका हलका की पाणी वाहील पण तळ खरवडणार नाही. पंप नाही, रहाट नाही.

बोगदा थेट खणता येत नाही, म्हणून वीस-वीस मीटरवर उभ्या विहिरी, याच त्या कुंड्या. कुंडीतून दोन्ही दिशांना खणत एकमेकांना गाठायचं, माती वर ओढायची. पुढे त्याच कुंड्या हवा जायला, साफसफाईला उपयोगी. या एका ओळीत शंभरावर कुंड्या आहेत. त्यांची तोंडं जमिनीच्या वर बांधून काढली आहेत, पावसाचं गढूळ पाणी आत जाऊ नये म्हणून. शेतात उभं राहून ही तोंडं एका रेषेत मोजत गेलं की खालचा बोगदा डोळ्यांना दिसू लागतो. मूळ भंडारा, सुखा भंडारा, चिंताहरण आणि खुनी भंडारा ही वेगवेगळ्या व्यवस्थांची नावं. एकूण आठ होत्या.

एका कुंडीत लिफ्ट बसवली आहे, सुमारे 80 फूट खाली नेते. ती बंद असण्याची शक्यता धरून चालावं. निघण्याआधी चौकशी करावी. खाली गुडघ्याइतकं पाणी, म्हणून चपला पट्ट्याच्या हव्यात. टॉर्च भिंतीवर टाकला की पांढरा, खडबडीत, ओला थर चमकतो. तो गिलावा नाही. पाण्यातला चुना साचून झालेला खडक आहे.

दुखणं या थरातच आहे. भूजलात विरघळलेला चुना हवेशी गाठ पडताच भिंतीवर बसतो. थर जाड होत गेला की बोगदा अरुंद होतो आणि झऱ्यांची तोंडंही बुजतात, म्हणजे पाणी यायलाही वाट नाही आणि जायलाही नाही. छिन्नीने काढावा तर खालची जुनी वीट-चुन्याची अस्तरी सुटते. आम्लाने विरघळवावा तर पिण्याचं पाणी बिघडतं आणि अस्तरीतला चुनाही जातो. उरतो हाताने, थराथराने, झऱ्यांची तोंडं आधी मोकळी करत जाण्याचा मार्ग. माल वर काढायला पुन्हा त्याच कुंड्या लागतात, म्हणून एकही कुंडी बुजू देऊन चालत नाही. ज्या कुंडीचं तोंड शेताच्या बांधात गेलं किंवा कचऱ्याने भरलं, तिथे दोन्ही बाजूंची चाळीस मीटर लांबी साफ करता येत नाही.

दुसरं दुखणं वरचं. केळीला वर्षभर पाणी लागतं. परिसरातल्या बोअरवेल बोगद्याच्या तळापेक्षा खोल गेल्या की भूजलाची पातळी बोगद्याखाली उतरते आणि कितीही साफ केला तरी बोगदा कोरडा. म्हणून इथे फक्त वास्तू संरक्षित करून भागत नाही, वरचं पाणलोट धरावं लागतं: बोअरवर मर्यादा, खाणकामाला आवर, ओढ्यांवर बंधारे. 2024मध्ये हे ठिकाण युनेस्कोच्या संभाव्य यादीत आलं. यादीत नुसत्या कुंड्या घातल्या आणि वरची शेतं बाहेर ठेवली तर संरक्षणाची रेषा चुकीच्या जागी पडेल.

परतताना जाली करंज बघावं. वेगवेगळ्या भंडाऱ्यांचं पाणी इथे एकत्र येऊन शहराला वाटलं जाई. लालबागहून भुसावळकडे संध्याकाळी गाड्या आहेत, पण सगळ्या इथे थांबत नाहीत. वेळापत्रकात थांबा बघून मगच तिकीट काढावं.